पडदे रंगवणाऱ्याने पडदे काढून टाकले

मागच्या अंकात मूकपटांच्या काळातले कोल्हापूरचे चित्रकार आणि सिनेदिग्दर्शक बाबूराव पेंटर यांच्यावर दोन ओळी लिहिल्या होत्या, त्यावर बरेच प्रश्न आलेत. मला मनापासून आनंद झाला कारण या माणसावर बोलायला मी कायम तयार असतो. चार प्रश्न निवडलेत, पैकी दुसऱ्याचं उत्तर लांबलंय, सांभाळून घ्या.

प्रश्न : बाबूरावांनी कॅमेरा स्वतः बनवला असं सगळीकडे वाचतो. खरंच बनवला की परदेशी कॅमेरा आणून दुरुस्त केला? आणि घरी बनवण्याइतकं ते सोपं होतं का?

खरंच बनवला. सुरुवात एकट्याने नव्हती केली, सोबत त्यांचे भाऊ आनंदराव होते, नात्यातले पण सख्ख्यासारखे, दोघं मिळून नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे म्हणून दोघांनाही 'पेंटर' नाव पडलं, मूळ आडनाव मेस्त्री. फाळक्यांचा राजा हरिश्चंद्र 1913 साली आला आणि तो बघून दोघं पेटले. आनंदराव 1916 साली गेले, काम अर्धवट राहिलं. पुढे बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांना सोबत घेऊन 1918 मध्ये कॅमेरा पूर्ण केला. हेच दामले पुढे प्रभात फिल्म कंपनीचे एक संस्थापक.

सोपं होतं का, तर अजिबात नाही. घरात जुनं हाताने फिरवायचं शिवणयंत्र असेल तर हळूहळू फिरवून बघा. सुई खाली असते तेव्हा कापड थांबलेलं असतं, सुई वर आली की खालचे दाते कापड थोडंसं पुढे ढकलतात आणि परत थांबतात. कॅमेऱ्यात असंच चालतं, फिल्म थांबलेली असताना झडप उघडते, चित्र उमटतं, झडप बंद झाली की एक आकडा फिल्मच्या कडेच्या भोकात अडकून तिला बरोब्बर एक चौकट पुढे ओढतो. हे सेकंदाला साधारण 16 वेळा! फिल्म केसभर इकडेतिकडे थांबली की पडद्यावर आख्खा राजवाडा थरथरतो. शिवणीत एखादा टाका लहानमोठा झाला तर चालतं, इथे नाही चालत. आणि हे सगळं कोल्हापुरात, शंभर वर्षांपूर्वी.

प्रश्न : सर, मी चित्रकलेची विद्यार्थिनी आहे. बाबूराव मोठे चित्रकार होते हे माहितीये, पण त्याचा कॅमेऱ्याच्या कामात नेमका काय उपयोग झाला? चित्रकार असल्याने फ्रेम सुंदर यायची एवढंच ना?

नाही ताई, एवढंच नाही, आणि याच गोष्टीकडे लोकांचं लक्ष जात नाही. 'पहिला देशी कॅमेरा' म्हणून आपण त्यांना हार घालतो आणि तिथेच थांबतो, त्या कॅमेऱ्यातून त्यांनी काय पाहिलं ते बोलतच नाही.

असं बघा. त्या काळी सिनेमात मागे रंगवलेला पडदा सोडायचे, सरळ नाटकातून उचललेली पद्धत. महाल हवा तर महालाचा पडदा, जंगल हवं तर जंगलाचा. आता तुम्ही चित्र काढता म्हणून तुम्हाला लगेच कळेल, पडद्यावरच्या खांबाला सावली दिलेली असते ती रंगाने दिलेली, ती हलत नाही. पण शूटिंग चालायचं उन्हात. सकाळी नटाची सावली एका बाजूला, दुपारनंतर दुसऱ्या बाजूला, खांबाची मात्र जिथल्या तिथे. त्यात वारा आला की दगडी भिंत हलते. नाटकात रात्रीच्या दिव्यात हे खपून जायचं, कॅमेऱ्याला नाही खपत. आणि हे ओळखायला पडदे रंगवण्यात आयुष्य घालवलेला माणूसच लागतो! बाबूरावांनी पडदे काढून टाकले आणि खरे उभे सेट केले, खोली असलेले, ज्यात माणूस आत जाऊ शकतो, खांबाच्या मागून येऊ शकतो. ज्या कलेने त्यांना नाव दिलं तीच त्यांनी स्वतःच्या सिनेमातून बाजूला ठेवली, मला यात त्यांचं सगळ्यात मोठेपण वाटतं.

दुसरं म्हणजे रंग. तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे. लाल शालू काळा यायचा, कुंकू काळं, आणि निळं आभाळ पांढरंफटक. म्हणजे डोळ्यांना जे दिसतंय ते विसरून, हे करड्यात कसं उतरेल ते आधीच डोक्यात बघायला लागायचं. बाबूराव शूटिंगआधी पोशाख, पात्रं, त्यांच्या हालचाली यांची स्केचेस काढायचे. पेन्सिलीचं स्केच करड्यातच असतं ना, म्हणजे सिनेमा कागदावर आधीच दिसायला लागायचा. तुम्ही पण हे करून बघा, एखादं रंगीत चित्र आधी फक्त पेन्सिलने काढा, उजेड कुठून येतो तेवढंच बघा, खूप शिकायला मिळतं.

आणि उजेड. 1923 च्या सिंहगड मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरून रात्रीचे प्रसंग घेतले, तेव्हा आपल्याकडे बहुतेक काम सूर्यावरच चालायचं.

प्रश्न : मूकपट म्हणजे पौराणिकच असायचे का? माझे आजोबा म्हणायचे की बाबूरावांनी शेतकऱ्यावर सिनेमा काढला होता.

आजोबांचं बरोबर आहे. सुरुवात पौराणिकच होती, पहिला सैरंध्री, 1920 साली पुण्यात आर्यन थिएटरला लागला. कीचकवध इतका खरा वाटला की लोक किंचाळले आणि पुढे तो भाग कापायला लागला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना सुवर्णपदक आणि 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली, त्यानंतर काही महिन्यांतच टिळक गेले. याच सिनेमात स्त्रियांची कामं स्त्रियांनी केली, गुलाबबाई आणि अनसूयाबाई, त्यांची नावं कुणी घेत नाही म्हणून मुद्दाम घेतो. राजा हरिश्चंद्रात तारामतीची भूमिका साळुंके नावाच्या पुरुषाने केली होती. आणि हो, बाबूरावांची महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी करायला पैसा दिला तानीबाई कागलकरांनी, त्या गायिका. ही कंपनी उभी राहण्यात बायकांचा वाटा आहे हे लक्षात ठेवा.

आजोबा म्हणत तो सिनेमा सावकारी पाश, 1925 चा, ना. ह. आपट्यांच्या कथेवर. सावकार जमीन गिळतो आणि शेतकरी पोर शहरात गिरणीत मजूर होतं. ते पोर म्हणजे व्ही. शांताराम. सगळीकडे देव आणि राक्षस चालू असताना हा माणूस कॅमेरा घेऊन कुणब्याच्या खोपटात शिरला! अंधारी झोपडी आणि बाहेर रडणारं कुत्रं, हा शॉट पाहिलेल्या लोकांना म्हातारपणीही आठवायचा. मूकपटात कुत्र्याचं रडणं, आवाज नाही, नुसती मान वर केलेली, आणि तरी ते ऐकू आलं. मूळ मूकपट आता बघायला मिळत नाही याचं मला फार वाईट वाटतं. 1936 मध्ये त्यांनीच तो बोलपट म्हणून परत केला, म्हणजे ती कथा त्यांच्या डोक्यातून गेलीच नव्हती.

प्रश्न : एवढा मोठा माणूस, मग बोलपट आल्यावर मागे का पडला? आणि त्यांचं काही बघायला कुठे जायचं?

मागे पडले असं मी म्हणणार नाही, पण 1929 ला दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर ही त्यांच्या हाताखाली तयार झालेली मंडळी बाहेर पडली आणि प्रभात काढली. एका घरातून एवढे कर्ते हात एकदम गेले की घर बसतंच. बाबूराव चित्रं आणि मूर्तिकामाकडे जास्त वळले, पण बोलपट केलेच, 1947 च्या लोकशाहीर रामजोशी पर्यंत आणि त्यानंतरही. 1954 साली गेले.

अंबाबाईच्या दर्शनाला कोल्हापूरला गेलात की खरी कॉर्नरला जा, तिथे त्यांच्या कॅमेऱ्याचं स्मारक आहे. रिक्षावाल्याला नुसतं खरी कॉर्नर सांगितलं तरी तो आणून सोडेल.