महापौर मोठा की आमदार? मुक्ताताई टिळकांचा प्रवास

प्रश्न: मुक्ता टिळक पुण्याच्या महापौर असतानाच आमदारकीला का उभ्या राहिल्या? महापौर तर शहराचा पहिला नागरिक, मग आमदार होऊन त्यांना जास्त काय मिळणार होतं? (एक वाचक, नाशिक)

उत्तर: मान महापौराला जास्त, पण अधिकार बघायला गेलं तर आपल्याकडे महापौराच्या हातात फार काही नसतं. प्रशासन आयुक्त चालवतात, ते राज्य सरकारने पाठवलेले अधिकारी, खर्चाची मंजुरी नगरसेवकांच्या स्थायी समितीकडे, आणि महापौर सभा चालवतो. त्यात मुदत अडीच वर्षांचीच.

मुक्ताताई 2002 पासून सलग चार वेळा नगरसेवक म्हणून निवडून आल्या, म्हणजे ड्रेनेज, पाणी, कचरा हे सगळं वॉर्डात फिरून शिकलेल्या. मार्च 2017 मध्ये त्या पुण्यातल्या भाजपच्या पहिल्या महापौर झाल्या. त्याच वर्षी पाणी योजनेसाठी महापालिकेने 200 कोटींचे बाँड (कर्जरोखे) काढले, आणि त्याच वर्षी सार्वजनिक गणेशोत्सवाची 125 वर्षं साजरी करताना उत्सव लोकमान्यांनी सुरू केला की भाऊसाहेब रंगारींनी हा वाद पेटला, आणि महापौरांच्या खुर्चीत टिळकांच्या घरातली सून! ती परीक्षा सोपी नव्हती.

पण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर मला 27 सप्टेंबर 2018 च्या दिवसात दिसतं. त्या दिवशी मुठा कालवा फुटला आणि दांडेकर पूल, जनता वसाहत भागात घरंच्या घरं पाण्यात गेली, माणसं उघड्यावर आली. आता कालवा राज्याच्या जलसंपदा खात्याचा, पण लोक धावणार महापालिकेकडे आणि शिव्या खाणार महापौर. खात्याला जाब विचारायचा तर तो विधानसभेत, महापालिकेच्या सभेत नाही. कसबा म्हणजे पुण्याचा जुना मध्यवर्ती भाग, तिथल्या जुन्या वाड्यांचंही तेच, बांधकामाचे नियम मंत्रालयात ठरतात आणि शनिवारवाडा केंद्राचं संरक्षित स्मारक, त्यामुळे त्याच्या 100 मीटरच्या आतलं तर थेट दिल्लीत. शहरासाठी काही करायचं असेल तर कधीतरी मुंबई गाठावीच लागते.

कसब्याचे भाजपचे आमदार गिरीश बापट खासदार झाले आणि ती जागा मोकळी झाली, तिथून त्या ऑक्टोबर 2019 मध्ये निवडून आल्या. महापौरांची मुदत सरकारने वाढवली होती, त्यामुळे जवळपास महिनाभर त्या महापौरही होत्या आणि आमदारही. नोव्हेंबरमध्ये मुरलीधर मोहोळ महापौर झाले.

पुढे मात्र वेळच मिळाला नाही. काही महिन्यांत कोरोना आला, मग त्यांना कॅन्सरने गाठलं. जून 2022 मध्ये राज्यसभेच्या आणि दहाच दिवसांनी विधान परिषदेच्या मतदानाला त्या अॅम्ब्युलन्समधून पुण्याहून विधान भवनात गेल्या. कुठल्याही पक्षाचे असा, त्या अवस्थेत एवढा प्रवास करणाऱ्या बाईबद्दल आदर वाटतोच. चिंचवडचे भाजपचे आमदार लक्ष्मण जगतापही तसेच आजारपणात आले होते, तेही पिंपरी-चिंचवडचे माजी महापौर. 22 डिसेंबर 2022 ला मुक्ताताई गेल्या आणि दोन आठवड्यांच्या आत जगतापही गेले.

प्रश्न: त्यांच्यानंतर कसब्यात कोण आलं? (एक वाचक, सोलापूर)

उत्तर: मार्च 2023 च्या पोटनिवडणूक निकालात काँग्रेसचे रवींद्र धंगेकर जिंकले, 2024 ला भाजपच्या हेमंत रासनेंनी जागा परत घेतली. दोघंही आधी पुण्याचे नगरसेवकच!