पोर रॉकेट काढत नाही, माणूस काढते आहे

पाचोऱ्याहून एका वडिलांचं पत्र आहे. मुलगी अकरावी सायन्सला, जळगावात जेईईचा क्लास. वहीच्या मागच्या पानांवर अंतराळात तरंगणारी माणसं काढत बसते. सहामाहीत ५८ टक्के पडले, तेव्हा त्यांनी तिच्या चित्रांच्या वह्या कपाटात घालून कुलूप लावलं. विचारतात, ‘अंतराळाची आवड आहेच, तर तिला एरोस्पेस इंजिनिअरिंगकडे कसं वळवू?’ सोबत सहा चित्रांचे फोटो.

भाऊ, मार्कांचं नंतर बघू. मला त्या कुलपानं अस्वस्थ केलं. ‘तेव्हापासून शांत झाली आहे, अभ्यासाला बसते,’ असं तुम्ही समाधानानं लिहिता. बसते खरी, पण तुमच्याशी बोलते का? एवढ्या मोठ्या पत्रात तिच्या तोंडचं एक वाक्य नाही. सोळा वर्षांची पोर गप्प झाली, याला मी सुधारणा म्हणत नाही. कापूस विकून क्लासची फी भरलीत, ते कष्ट मला दिसतात. पण तो हिशेब रोज तिच्या ताटात वाढू नका. वह्या आजच परत द्या, आणि मार्कांची अट घालू नका.

आता तुमचा गैरसमज. अंतराळ म्हटलं की इंजिनिअरिंग, असं तुम्ही धरून चालला आहात. सहाही चित्रं मी नीट पाहिली. एकातही यान नाही, इंजिन नाही. आहे ते फक्त शरीर. पायाखाली जमीनच नसेल तर माणसाच्या देहाचं काय होतं, हे ती शोधते आहे. हा चित्रकाराचा प्रश्न आहे. सोव्हिएत अंतराळवीर अलेक्सी लिओनोव्ह १९६५ साली यानाबाहेर तरंगणारा पहिला माणूस ठरला आणि त्याच मोहिमेत त्यानं रंगीत पेन्सिलींनी सूर्योदयाचं चित्र काढलं. पेन्सिली उडू नयेत म्हणून दोऱ्यानं बांधलेल्या होत्या.

चित्रं कच्ची आहेत, तेही तिला सांगा. तिची माणसं स्टँडवर एसटीची वाट पाहत असल्यासारखी ताठ उभी आहेत, खालची जमीन तेवढी पुसली आहे. वजनरहित अवस्थेत सैल सोडलेलं शरीर असं राहत नाही. गुडघे आणि कंबर थोडी दुमडते, हात आपोआप पुढे तरंगतात. रक्त आणि पाणी डोक्याकडे सरकून चेहरा सुजतो, पाय बारीक दिसतात, कणा ताणून उंची वाढते. हे काढायचं तर हाडं-स्नायूंचा अभ्यास हवा, माणूस समोर बसवून तासन्‌तास रेखाटन हवं. उद्या कॉलेजात ती उघड्या देहाचा अभ्यास करेल, तेव्हा दचकू नका.

वाट सरळ आहे: इंटरमिजिएट ड्रॉइंग परीक्षा, बारावी, मग बीएफए म्हणजे ललित कलेच्या पदवीसाठी राज्याची सीईटी, डिझाइन हवं असेल तर यूसीड ही आयआयटींची डिझाइनची प्रवेश परीक्षा. रावेर तालुक्यात खिरोद्यालाही ललित कलेचं महाविद्यालय आहे. सुरुवातीची काही वर्षं पैसा बेताचाच मिळेल, हे मी लपवणार नाही. बहुतेकांना शिकवणं किंवा पुस्तकांची चित्रं, ॲनिमेशन अशी कामं जोडीला करावी लागतात.

एक करा. अजिंठा जळगावहून जेमतेम ६० किलोमीटर. सोमवारी लेणी बंद असतात, तो वार सोडून तिला न्या. सतराव्या लेण्याच्या ओसरीत ढगांतून उडणारा इंद्र आहे, सोबत अप्सरा आहेत. पाय दुमडलेले, आणि उडण्याच्या वेगानं गळ्यातले मोत्यांचे सर एका बाजूला झुकलेले. पंधराशे वर्षांपूर्वी कुणीतरी हेच शोधत होतं. ती तिथं उभी राहून पाहील, तेवढा वेळ घाई करू नका. आणि पुढचं पत्र तिला लिहू द्या.