नॉर्वेतल्या सेतेस्दाल खोऱ्यात जुन्या लोकपरंपरा इतक्या कशा टिकून राहिल्या?

मुख्य कारण एकच: वरच्या खोऱ्यात जायला धड रस्ताच नव्हता. सेतेस्दाल म्हणजे दक्षिण नॉर्वेतल्या ओत्रा नदीचं खोरं. सुमारे 245 किमी वाहून ही नदी क्रिस्तियानसानला समुद्राला मिळते. बिक्लेजवळ डोंगराचा कडा थेट नदीत उतरतो आणि तिथे होती फक्त कड्याला चिकटलेली ‘बिक्लेस्तीगेन’ ही पायवाट. 1879 मध्ये रस्ता झाला, तोवर चाकाची गाडी वर जाणं शक्यच नव्हतं. म्हणून इतरत्र धुराडी आल्यावरही इथे घराच्या मधोमध उघडी चूल आणि धूर जायला छपराला भोक, ही पद्धत बराच काळ चालली. वाल्लेजवळच्या रिग्नेस्ताद वाड्यात असं घर आजही बघता येतं. शेजारचं तीन मजली लाकडी कोठार तर मुद्दाम थांबून बघावं असं. ‘स्तेव’ ही चार ओळींची गाणीही अशीच राहिली. एकाने म्हणायचं, दुसऱ्याने उत्तर द्यायचं, जवळजवळ सवाल-जवाबच. इथलं वादन, नाच आणि स्तेव-गायन 2019 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेलं.

मात्र हे सगळ्या खोऱ्याला सारखं लागू नाही. खालच्या भागात 1896 मध्येच क्रिस्तियानसान ते बिग्लान्सफ्योर अशी अरुंद रुळांची रेल्वे आली, त्यामुळे तिथे बदल लवकर झाले.