ब्रिमचा रंग वेगळा दिसतोय: नेरूळच्या ताईंसाठी लांबलेलं उत्तर

धुतल्याने रंग एक होणार नाही, ताई. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे आज रात्री बादलीत मीठ आणि व्हिनेगर घालायच्या आत तुम्ही थांबाल.

तुम्ही लिहिलंय की शेवाळी रंगाच्या सुती गुंड्यांत क्रोशाच्या बकेट हॅटचा माथा आणि बाजू झाली, ब्रिमला म्हणजे खालच्या पसरट काठाला सूत कमी पडलं, त्याच शेड नंबरचा आणखी एक गुंडा ऑनलाइन मागवला आणि आता टोपी गॅलरीत धरली की ब्रिम पिवळट दिसते. विकणारा म्हणतो शेड तीच आहे. वर ब्रिम डोळ्यांवर पडते आणि भाचीचा वाढदिवस रविवारी. वाचता वाचता मला माझ्या पिवळ्या टोप्या आठवल्या आणि डोकं तापलं, त्यामुळे उत्तर लांबणार आहे. मॅजिक रिंगने म्हणजे आवळता येणाऱ्या फासाने माथ्याची सुरुवात, फेरीला सहा टाके वाढवणं हे तुम्हाला येतंच, त्यात वेळ घालवत नाही.

तुमचा विकणारा खोटं बोलत नाहीये, अर्धंच बोलतोय. शेड नंबर म्हणजे कंपनीने ठरवलेला रंग. लॉट नंबर म्हणजे तो रंग कुठल्या घाण्यात चढला ते. भज्यांचा पहिला घाणा आणि तिसरा घाणा एकाच पिठाचे असून एकाच रंगाचे निघतात का? तसंच आहे हे. पाणी, तापमान, रंगाचं प्रमाण यात जरा इकडेतिकडे झालं की छटा सरकते. एकेक गुंडा सुटा बघितला तर कळत नाही. शेजारी शेजारी विणला की लपत नाही. आणि ट्यूबलाइटखाली सारखे दिसणारे दोन रंग उजेडात वेगळे दिसू शकतात, म्हणून तुम्हाला घरात काही जाणवलं नाही आणि गॅलरीत जाणवलं.

मीठ-व्हिनेगरचं म्हणाल तर ते बाहेर जाणारा रंग थांबवायला सांगतात, दोन छटा एक करायला नव्हे. त्यातही व्हिनेगरचं काम खऱ्या लोकरीला आणि रेशमाला रंगवताना असतं. सुतावर बहुतेक वेळा वेगळ्या जातीचा रंग असतो, त्याला व्हिनेगरने काही फरक पडत नाही. मीठ रंगवताना घालतात, नंतर बुडवून उपयोग नाही. गडद लाल किंवा काळं सूत रंग सोडत असेल तर पाणी स्वच्छ निघेपर्यंत खळबळत राहणं एवढंच हातात असतं.

आता माझं रडगाणं. नको असेल तर पुढचे तीन परिच्छेद सोडा, त्याखाली उपाय लिहिलेत.

घोडबंदर रोडच्या एका मुलीच्या हळदीसाठी तिच्या मैत्रिणींच्या पिवळ्या बकेट हॅट्सची ऑर्डर मला आली होती. हल्ली हळदीला सगळं पिवळं लागतं, कुत्र्याच्या पट्ट्यापर्यंत. एवढं सूत एकदम हवं म्हणून एका ऑनलाइन दुकानातून मागवलं. नाव लिहीत नाही, मला कटकट नको. ऑर्डर देतानाच चिठ्ठीच्या रकान्यात लिहिलं: सगळे गुंडे एकाच लॉटचे हवेत, नसतील तर पाठवू नका. वर फोनही केला. पलीकडचा मुलगा म्हणाला, "हो मॅडम, नोट करून घेतलंय." खोकं आलं. वरच्या थरात एक लॉट, खालच्या थरात दुसरा. खिडकीत दोन गुंडे शेजारी ठेवले तर एक लिंबाकडे झुकलेला, दुसरा केशरीकडे.

तक्रार केली. पहिलं उत्तर आलं की फोटोत फरक दिसत नाही. मग आलं की स्क्रीनमुळे रंग थोडा वेगळा दिसू शकतो. अहो, गुंडा माझ्या हातात आहे, मी स्क्रीनवर बघतच नाहीये! मग म्हणाले, अनबॉक्सिंगचा व्हिडिओ पाठवा. लॉट नंबर कागदी पट्टीवर छापलेला आहे, दोन्ही पट्ट्यांचे फोटो पाठवले आहेत, खोकं उघडताना मी कॅमेऱ्यासमोर नाचले की नाही याने नंबर बदलणार आहे का? त्यावर उत्तर नाही, तक्रार मात्र "रिझॉल्व्ड" झाली. परत उघडली तर पुढच्या खरेदीवर सवलतीचं कूपन आलं. त्याच दुकानात वापरायचं.

हळद तोंडावर आलेली. दादरला जाऊन, दुकानात उभं राहून, एकेक पट्टी वाचत सगळं सूत नव्याने घेतलं. टोप्या वेळेवर गेल्या, पण मजुरीचे पैसे त्या दुसऱ्या सुतात गेले. पहिलं सूत अजून कपाटात आहे. कोणाला पायपुसणी विणायची असतील तर घेऊन जा. तेव्हा मला माहीत नव्हतं, आता आहे: ई-कॉमर्ससाठी ग्राहक संरक्षणाचे २०२० चे नियम आहेत, त्यांत ठरल्याप्रमाणे माल नसेल तर विक्रेत्याला परत घ्यायला नकार देता येत नाही. तक्रारीची पोच ४८ तासांत द्यायची असते आणि निवारण महिन्याभरात. राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा नंबर १९१५. मी काही वकील नाही, पण "एकाच लॉटचं हवं" हे लेखी असलं की तुमची बाजू भक्कम होते. फक्त फोनवर बोललात तर हवेत गेलं. तुमच्या बाबतीत तुम्ही लॉट सांगितलाच नव्हता, त्यामुळे भांडायला फार जागा आहे असं मला वाटत नाही. एका गुंड्यासाठी जीव आटवू नका.

तुमच्या टोपीचं काय करायचं ते. दोन रस्ते आहेत.

रविवार गाठायचा असेल तर ब्रिम उसवा आणि बाजू संपते तिथे एकदम वेगळ्या रंगाच्या दोन फेऱ्या घाला. शेवाळीबरोबर मोतिया किंवा विटकरी छान दिसेल. त्याखाली तीच नव्या लॉटची ब्रिम. दोन छटांच्या मध्ये तिसरा रंग आला की डोळा त्यांची तुलना करत नाही. पाहणाऱ्याला वाटतं डिझाइनच आहे. भाचीला काही सांगायची गरज नाही.

दुसरा रस्ता जास्त निगुतीचा. बाजूसुद्धा पाच-सहा फेऱ्या उसवायची, म्हणजे जुन्या लॉटचं थोडं सूत हाताशी येईल, आणि तिथून एक फेरी जुनी, एक फेरी नवी असं जायचं. दर फेरीला गाठ मारू नका. फेरी न जोडता गोल गोल विणताय ना, मग दोन्ही गुंडे लावूनच ठेवा. पहिल्याने विणत दुसऱ्या दोऱ्यापाशी आलात की पहिला सोडा, दुसरा उचला, तो पहिल्यापाशी येईपर्यंत विणा. पायरीही पडत नाही आणि रंग हळूहळू सरकतो. उसवलेलं सूत कुरळं झालेलं असतं, ते तसंच विणलंत तर टाके वेडेवाकडे येतात. खुर्चीच्या पाठीला लडी गुंडाळा, चार जागी सैल बांधा, ओली करून टांगा. सरळ होतं.

पुढच्या वेळी सूत कमीच पडू नये यासाठी माझा एक हिशेब आहे. कुठल्या पॅटर्नमध्ये मला दिसला नाही, पण मला तरी कधी दगा दिलेला नाही. डोक्याचा घेर ५६ सेंमी धरला तर माथ्याची चकती साधारण १८ सेंमी व्यासाची. बाजू ९ सेंमी आणि ब्रिम ६ सेंमी घेतली तर सगळ्या टोपीचं क्षेत्रफळ माथ्याच्या साडेचार पट होतं. म्हणजे माथा झाला की टोपी सुईवरून काढून स्वयंपाकघरातल्या वजनकाट्यावर ठेवायची आणि पाचपट सूत धरायचं. माथा ३० ग्रॅम भरला तर १५० ग्रॅम लागेल. तेवढं हाताशी नसेल तर तेव्हाच दुकान गाठा, तोपर्यंत त्या लॉटचे गुंडे मिळायची शक्यता तरी असते. दोन पदरी ब्रिम करत असाल तर हे गणित चालणार नाही.

आणि एका टोपीचं सूत ऑनलाइन मागवूच नये, हे माझं ठाम मत. लहान गावात राहणाऱ्यांना इलाज नसतो, कबूल. तुम्ही नेरूळला आहात, ठाण्याच्या दुकानांत यायला सरळ लोकल आहे. दुकानात गुंडा उचलून दाराशी उजेडात न्या. दुकानदार तोंड वाकडं करेल, करू दे. गुंड्यावरची लॉट नंबरची कागदी पट्टी मात्र टोपी पूर्ण होईपर्यंत फेकू नका.

ब्रिम डोळ्यांवर का पडते? फोटोवरून सांगते, चुकलं तर माफ करा. तुम्ही बहुतेक ज्या सुईने बाजू विणली त्याच सुईने, दर तिसऱ्या-चौथ्या फेरीला टाके वाढवत गेला आहात. मुक्या खांबात (सिंगल क्रोशे) दर फेरीला सहा वाढवले तर ब्रिम ताटासारखी सपाट होते. एक फेरी वाढीची, एक साधी असं गेलात तर ती उतरती राहते पण डोळ्यांना भिडत नाही. बकेट हॅटला हेच हवं. वाढीचे टाके दर वेळी एकावर एक आणू नका, नाहीतर काठ षटकोनी दिसतो. सुई अर्ध्या मिलिमीटरने बारीक घ्या: बाजू ४ ने केली असेल तर ब्रिम ३.५ ने. शेवटची फेरी उलट्या दिशेने मुक्या खांबांची घातलीत की काठाला चांगला ताठपणा येतो. काही जणी काठात तार घालतात. आपल्याकडच्या दमट हवेत साधी तार गंजते आणि सुतावर डाग पडतो, त्यापेक्षा मासेमारीचा जाड नायलॉन दोरा बरा. तांदळाच्या पेजेची खळ मी घालत नाही. पावसाळ्यात बुरशी धरते.

घेर मात्र डोक्यापेक्षा सेंटिमीटर-दोन सेंटिमीटर कमीच ठेवा. सूत वापरून सैल होतं, ॲक्रिलिकसारखं परत आवळत नाही. भाचीचं डोकं मोजलंय ना? केस मोकळे सोडून घालणार की अंबाडा बांधून, तेही विचारा.

झालं की टोपी ओलवून एखाद्या उपड्या पातेल्यावर चढवा. पातेल्याभोवती टेप फिरवून बघा, ५५-५६ सेंमी भरलं पाहिजे. साधारण १८ सेंमी रुंदीचं पातेलं चालतं. खाली टॉवेल पसरून त्यावर ब्रिम हाताने सारखी करून ठेवा. या हवेत जाड सुती टोपी पंख्याखालीसुद्धा लवकर वाळत नाही, म्हणून हे शनिवारी सकाळीच करा, रात्रीवर ठेवू नका.