घराण्यातून आलेल्या तिकिटाविषयी

प्रिय,

अनेक आशीर्वाद.

घरात आमदारकी आहे, जमीनजुमला आहे, आणि तू उभा राहिलास तर लोक ‘बापाच्या नावावर आला’ म्हणतील, असं तू लिहिलंस. म्हणतीलच, आणि खोटं बोलणार नाहीत. त्यावर भांडत बसू नकोस. त्यापेक्षा एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडच्या लॉर्ड ऑल्थॉर्प या राजकारण्याचं चरित्र वाच.

नाव जॉन चार्ल्स स्पेन्सर, जन्म 1782. वडील दुसरे अर्ल स्पेन्सर. फ्रान्सशी युद्ध चालू असताना इंग्लंडचं नौदल खातं त्यांच्याकडे होतं. मुलगा 1804 मध्ये, विशी नुकतीच ओलांडलेली असताना, ओकहॅम्प्टनमधून ब्रिटिश संसदेच्या कॉमन्स सभागृहात गेला. मूठभर मतदारांचं गाव ते, बड्यांच्या मुठीतलं. पुढे 1832 च्या सुधारणा कायद्याने अशी 56 गावं मतदारसंघांच्या यादीतून साफ पुसली, त्यांत ओकहॅम्प्टनही होतं. विधेयक मांडलं जॉन रसेलने, पण समितीतल्या रात्रीमागून रात्री कलमागणिक ते रेटलं ऑल्थॉर्पने, तो तेव्हा अर्थमंत्री आणि कॉमन्समधला सरकारचा नेता होता. स्वतःच्या जन्माच्या फायद्याला याहून प्रामाणिक उत्तर मला तरी माहीत नाही.

आणि हे वक्त्याचं काम नव्हे. त्याचं भाषण म्हणजे अडखळणं. एकदा क्रोकर नावाच्या तयारीच्या विरोधकाने मुद्देसूद हल्ला केला. ऑल्थॉर्प उठला आणि म्हणाला की याला खोडून काढणारी आकडेमोड मी केली होती, पण कागद कुठे ठेवले ते सापडत नाही. तरी सभागृहाने क्रोकरची दुरुस्ती फेटाळावी. फेटाळली! कारण या माणसाला स्वतःसाठी काही नको आहे, हे दोन्ही बाकांवरच्या लोकांना ठाऊक होतं. त्याचं मन वाइझटन इस्टेटीवरच्या शॉर्टहॉर्न गुरांत होतं. पत्नी 1818 मध्ये बाळंतपणात गेली, त्यानंतर त्याने शिकारीची हौस सोडली आणि दुखवट्याचे काळे कपडे कायमचे अंगावर घेतले.

आता याची दुसरी बाजू, जी तुझ्या घरातलं कुणी सांगणार नाही. 1833 चा कारखाना कायदा त्याच्याच नावाने ओळखला जातो. नऊ वर्षांखालच्या मुलांना बहुतेक कापड गिरण्यांत बंदी, तेरापर्यंतच्यांना दिवसाला नऊ तास, आणि तपासायला पगारी निरीक्षक. सगळ्या देशाला चार! तरी आधीच्या कायद्यांना तेवढेही दात नव्हते. पण कामाचे तास कमी करायला झटणाऱ्या खासदार अॅशलेला अठरा वर्षांखालच्या सगळ्यांसाठी दहा तासांची मर्यादा हवी होती, ती सरकारने हाणून पाडली. आणि 1834 चा गरीब कायदा कॉमन्समध्ये मांडला तोही याच सज्जन माणसाने. धडधाकट गरिबाला घरी मदत बंद करायची, हवी असेल तर त्याने वर्कहाउसमध्ये, म्हणजे गरिबांना ठेवून काम करवून घेणाऱ्या सार्वजनिक आश्रयगृहात यावं, असा त्याचा रोख. तिथे नवरा एकीकडे, बायको दुसरीकडे, पोरं तिसरीकडे. मोठ्या बहुमताने पास झाला. विश्वासू माणसाच्या हातून आलेला कागद लोक नीट वाचत नाहीत, असं मला वाटतं. तुझ्यावर लोकांचा विश्वास बसला, तर तुझा कागद तुझ्या विरोधकाकडून आधी वाचून घे.

(जाता जाता: कंपनी सरकारचा हिंदुस्थानातला व्यापार बंद करणारी 1833 ची सनदही याच सभागृहाने, तो तिथला नेता असताना मंजूर केली.)

नोव्हेंबर 1834 मध्ये वडील वारले. अर्लपद आलं, म्हणजे उमरावांच्या लॉर्ड्स सभागृहात जावं लागलं आणि कॉमन्स सुटलं. तेच निमित्त करून राजाने पंतप्रधान मेलबर्नचं मंत्रिमंडळ घालवलं. ऑल्थॉर्पने पुन्हा मंत्रिपद घेतलं नाही. 1838 मध्ये निघालेल्या राष्ट्रीय शेती संस्थेचा तो पहिला अध्यक्ष झाला, आणि 1845 मध्ये मरेपर्यंतचा बराच काळ वारशात आलेलं कर्ज फेडण्यात गेला. बापाला पुस्तकं जमवण्याचा जबरदस्त शौक होता. नाव, मतदारसंघ, ग्रंथालय आणि बोजा, सगळं एकाच सहीने आलं होतं.

तेव्हा दादासाहेबांना आधी सातबारावरच्या बोजाचा आकडा विचार. कारखान्याला दिलेल्या हमीपत्रांचाही. तिकिटाचं त्यानंतर बोलू.

तुझा,
काका