काउंटरटेनर : ‘काउंटर’ कोणाच्या विरुद्ध?

फ्रेंच गायक फिलिप जारूस्कीबद्दल वाचताना ‘काउंटरटेनर’ शब्द आला, तर टेनर म्हणजे पुरुषाचा उंच आवाज, मग त्याच्या विरुद्ध म्हणजे खर्जात गाणारा का, आणि याला मराठीत काय म्हणायचं, असा प्रश्न आलाय.

खर्जात नाही हो, बायकांच्या पट्टीत गाणारा पुरुष. आणि हे सांगितलं रे सांगितलं की कोणीतरी ‘म्हणजे कॅस्ट्राटो’ म्हणतंच, तेवढं कृपा करून बंद करा. कॅस्ट्राटोचा आवाज लहानपणीच शस्त्रक्रिया करून फुटू दिलेला नसायचा, त्यांच्यातला शेवटचा नावाजलेला मोरेस्की 1922 मध्ये गेला. जारूस्की 1978 चा, आवाज चारचौघांसारखा फुटलेला, गातो ते फॉल्सेटोत, म्हणजे खऱ्या आवाजाच्या वरच्या, हलक्या बनवलेल्या आवाजात.

आता खरी मजा. टेनर आला लॅटिन ‘तेनेरे’वरून, म्हणजे धरणं. जुन्या चर्चसंगीतात मूळ चाल लांब लांब सुरांत धरून ठेवणारा तो टेनर, उंच पट्टीचा तिथे काही संबंध नाही. त्याच्यासमोर, साधारण त्याच पट्टीत रचलेली दुसरी ओळ म्हणजे कोंत्राटेनर, तेव्हा ‘विरुद्ध’ म्हणजे समोरासमोर, वैर नव्हे. पंधराव्या शतकात या ओळीचे दोन भाग झाले, वरचा आल्तुस आणि खालचा बासुस, म्हणजे आल्टो आणि बास दोघंही हिचीच पोरं! तेव्हा खर्जाची शंका तितकी वेडगळ नाही. आणि हे ‘तेनेरे’ ज्या मूळ धातूकडे जातं त्याच धातूचं आपलं ‘तन्’, ज्यातून तंतू आले, तंत्र आलं आणि गवयाची तानसुद्धा. टेनर आणि तान एकाच घरातले, मला तर हे कळल्यापासून तान ऐकताना हसू येतं.

इंग्रजी कोशकार मात्र ‘पुरुषाचा सर्वात उंच आवाज’ एवढं लिहून मोकळे. अहो, मग फ्रेंचांच्या ‘ओत-कोंत्र’चं काय करणार? शब्द त्याच घराण्यातला पण माणूस वेगळा, हा मुख्यतः स्वतःच्या खऱ्या आवाजात वर जाणारा टेनर. ल्युली आणि रामो या फ्रान्सच्या संगीतकारांच्या ऑपेरांतले नायक यांचेच, 1745 मध्ये रामोच्या ‘प्लाते’तली दलदलीत राहणारी कुरूप अप्सरा गायली ती जेलियोत या ओत-कोंत्रनेच. फ्रेंच ऑपेराला नायक म्हणून कॅस्ट्राटो कधी पचलेच नाहीत. म्हणून गंमत बघा, जारूस्की फ्रेंच, पण त्याचं बरोक, म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकातल्या, ऑपेरातलं नाव झालं ते बहुतेक इटालियन भाषेतल्या, कॅस्ट्राटोंसाठी लिहिलेल्या भूमिकांवर. 2007 चा अल्बम कारेस्तिनी या कॅस्ट्राटोवर, 2013 चा फारिनेल्ली या दुसऱ्या कॅस्ट्राटोसाठी संगीतकार पोरपोराने लिहिलेल्या गाण्यांचा. हेंडेलच्या ‘आल्चिना’त 1735 मध्ये लंडनला रुज्जेरोची भूमिका कारेस्तिनीने गायली, 2015 मध्ये फ्रान्समधल्या एक्सला जारूस्कीने.

‘म्हणजे फ्रान्सचे बालगंधर्व’ असंही ऐकलंय. नाही! रुज्जेरो शूर सरदार आहे, लुगडं नेसलेला नाही. तुलना करायचीच तर संगीतकार विंचीच्या (चित्रकार नव्हे) ‘आर्तासेर्से’ या ऑपेराशी करा. 1730 मध्ये रोममध्ये बायकांना रंगमंचावर बंदी, म्हणून सगळे पुरुष. 2012 मध्ये फ्रान्समधल्या नान्सीला तो तसाच केला, पाच काउंटरटेनर आणि एक टेनर, त्यात राजकन्या मांदाने झाला चेंचिच हा काउंटरटेनर, आणि जारूस्की? तो राजा!

मराठी शब्दाचं म्हणाल तर काउंटरटेनरच राहू द्या, ‘प्रतिटेनर’ वगैरे कोणी काढलाच तर मला सांगू नका.