परदेशी चित्रपटाच्या डबिंगमध्ये ओठ कसे जुळवतात, आणि त्यात इटलीचे नाव एवढे का घेतले जाते?

ओठ पूर्णपणे जुळत नाहीत आणि तसा आग्रहही नसतो. प्रेक्षकाला आधी खटकते ते तोंड मिटल्यावरही आवाज चालू राहणे. म्हणून संवादलेखक प्रथम वाक्याची लांबी, मधले विराम आणि नटाचा श्वास पाहतो. त्यानंतर ओष्ठ्य वर्णांचा विचार येतो. चेहरा जवळून दिसत असेल आणि ओठ स्पष्ट मिटत असतील, तर तिथे प, ब, म यांपैकी एखादा वर्ण असलेला शब्द शोधावा लागतो. पात्र पाठमोरे असेल तर बरीच मोकळीक मिळते. मला याहून अवघड वाटतो तो वाक्यरचनेचा प्रश्न. इंग्रजीत नकार बहुधा वाक्याच्या आरंभीच येतो आणि नट त्याच क्षणी मान हलवतो, पण मराठीतला ‘नाही’ सहसा शेवटी येत असल्यामुळे सगळे वाक्य फिरवून, तरीही बोलण्यातले वाटेल असे लिहावे लागते. आपल्याकडचे बरेचसे डबिंग ओठांपेक्षा आवाजामुळे फसते, असे माझे मत आहे: पात्र मोकळ्या माळावर असो वा तळघरात, आवाज मात्र बंद स्टुडिओतलाच ऐकू येतो.

इटलीतील परंपरेमागे कलेइतकेच राजकारण आहे. मुसोलिनीच्या सरकारने १९३० मध्ये चित्रपटांतल्या परकीय भाषेतील संवादांवर बंदी घातली आणि १९३३ मध्ये डबिंग इटलीतच झाले पाहिजे असा कायदा केला. त्यातून तिथे आवाजाच्या नटांचा एक स्वतंत्र व्यवसाय उभा राहिला. लॉरेल आणि हार्डी या हॉलिवूडच्या विनोदी जोडीने सुरुवातीच्या काही बोलपटांत स्वतःच मोडके इटालियन उच्चारले होते. ते लोकांना इतके आवडले की पुढे डबिंग करणाऱ्यांनीही तोच इंग्रजी हेल कायम ठेवला, आणि हार्डीचा आवाज झालेला तरुण अल्बेर्तो सोर्दी नंतर इटलीचा फार मोठा विनोदी नट झाला.

या पद्धतीत एक आवाज वर्षानुवर्षे एकाच नटाला चिकटतो. कधी तो अनेकांना चिकटतो, आणि हा मला तिचा खरा दोष वाटतो: फेर्रुचो अमेंदोला यांचा आवाज डी नीरो, पचिनो, हॉफमन आणि स्टॅलोन अशा हॉलिवूडच्या चौघा नटांनाही होता. त्यामुळे १९९५ च्या ‘हीट’मध्ये डी नीरो आणि पचिनो समोरासमोर आले, तेव्हा अमेंदोलांनी डी नीरोला आवाज दिला आणि पचिनोचे संवाद जानकार्लो जानिनी यांनी म्हटले.